नावातला कांदा

या गावाचं नाव लिहितात गोरिन्खेम
आणि म्हणतात खोर्कम.
मधली अक्षरं कुठं गेली, मी विचारलं.
नगरपालिकेतली बाई म्हणाली, "नदीत."
ती हसली नाही, म्हणून मीही नाही.
मग तिनं माझा पासपोर्ट वाचला
आणि जुईची 'याउ' झाली.
माझ्या नावाच्या शेवटी
यांच्या भाषेतला कांदा निघाला,
सोललेला, गुळगुळीत.
दोन वर्षं मी कांद्याला ओ दिली.

पहिल्या हिवाळ्यात
साडेपाचला शेजारी गेले, वाटीत शिरा, वर ताटली.
खैसनं दार उघडलं. हातात काटा, काट्याला बटाटा.
"आम्ही जेवतोय," म्हणाला,
आणि दार लावलं.
रागानं नव्हे. एवढं कळायला
अख्खी वाटी शिरा लागला,
जिन्यात बसून, एकटीनं.
साडेसातला बेल.
"आता कॉफी."
डब्यातून एक बिस्किट, आणि झाकण बंद.
माझा हात दुसऱ्यांदा पुढं गेला होता
तो मी केसांवरून फिरवला.

आल्त्ये, त्याची बायको, म्हणाली,
"तुझे पडदे सारखे बंद. आत काय करतेस?"
"काही नाही."
"मग उघड ना."

त्यांच्या संडासात, बसलं की नाकासमोर,
एक कॅलेंडर.
वार नाहीत, तिथी नाहीत, दुधाचे खाडे नाहीत.
नुसत्या तारखा आणि त्यापुढं माणसं.
मला कसंतरीच झालं, खोटं कशाला बोलू,
माणसांची नावं, आणि अशा जागी!
"दिवसातून चारदा वाचली जातात," आल्त्ये म्हणाली,
"तुमच्याकडे कितीदा?"

तिच्या वाढदिवसाला खुर्च्या गोल मांडलेल्या.
जावयाचं अभिनंदन, सासूबद्दल.
बहिणीचं, बहिणीबद्दल.
एका अनोळखी म्हाताऱ्यानं माझा हात हातात घेऊन
माझंही केलं,
माझी शेजारीण सत्तरीची झाली म्हणून.
रात्रभर विचार करत राहिले
यात मी काय कमावलं.

जानेवारीत ती म्हणाली, "मार्चपर्यंत. त्यापुढं नाही, डॉक्टर म्हणतात."
आणि डायरी उघडली.
"गुरुवारी दहाला येशील?"
मी रडू लागले तर म्हणाली, "की साडेदहाला?"
गुरुवारी गेले. दहालाच.
फेब्रुवारीच्या सत्ताविसाला ती गेली,
हिशेबात थोडे दिवस शिल्लक ठेवून.

दफनानंतर कॉफी, केकचा एक तुकडा,
खुर्च्या पुन्हा गोल.
कुणाला काय म्हणायचं
कुणालाच सुचेना.
मी उठून संडासात गेले.

कॅलेंडर तिथंच. कुणीतरी पानं उलटी लावलेली,
ऑगस्ट वर आलेला.
नऊ तारखेपुढं तिच्या तिरप्या अक्षरात
मी.
पासपोर्टातली नव्हे. जशी म्हणतात तशी.
एका 'ज'साठी तीन अक्षरं खर्चून,
'उ'साठी आणखी दोन,
ज्या घरात चहाची एक पिशवी
दोन कपांना पुरवतात.
कधी ऐकलं हिनं?
इथल्या भिंती पातळ आहेत.
रविवारी आईचा फोन, स्पीकरवर,
"जुई, जेवलीस का गं?"

दार वाजलं. "बरी आहेस ना?" खैस.
बाहेर आले. तो कॅलेंडरकडे बघून
अक्षर अक्षर जोडत म्हणाला,
"ज्जु-ई. याचा अर्थ काय?"
पांढरं फूल, म्हटलं. अगदी लहान. वेलीवर येतं.
त्यानं विचार केला. पुरता एक मिनिट.
"आमच्या थंडीत मरेल ते," म्हणाला.
मग, "कुंडीत लाव.
आत, खिडकीपाशी.
पडदा मात्र नको."