छेद क्रमांक चार

मे महिना. कूलरच्या खसाला जुना वास येतोय
आणि माझ्या टेबलावर दोन तट पसरलेत.
एक उत्तर इंग्लंडातला, रोमन,
छापील, दुसऱ्या कुणीतरी काढलेला.
एक आपला, उमरेडच्या अलीकडचा, काळ्या मातीचा.
तो मी काढतेय, एकास वीस प्रमाणात,
घाम कागदावर पडू नये म्हणून
मनगटाला रुमाल बांधून.

खिडकीतून दिसत नाही, पण तिकडे आहे झिरो माइल,
दगडी खांब आणि चार घोडे.
देशाच्या सगळ्या सीमा इथून सारख्याच लांब,
असं शाळेत शिकवलं होतं.
खोटं आहे. मी पट्टी लावून पाहिलंय.
तरी इतक्या मध्यात बसून
काठांचा विचार करायचा,
याचाच मला पगार मिळतो.

रोमन शिपायांनी हरळीच्या लाद्या कापल्या,
गवत खाली, मुळं वर, एकावर एक रचल्या.
छेदात त्या नुसत्या काळ्या रेघा दिसतात,
कुणाच्या तरी पाठदुखीच्या.
पुढे खंदक, खाली निमुळता होत गेलेला,
आणि अगदी तळाशी एक चर, फावड्याएवढा रुंद.
एक पुस्तक म्हणतं, शत्रूचा घोटा मोडावा म्हणून.
दुसरं म्हणतं, छे, गाळ उपसला की तसा होतोच.

आमच्या खंदकाचा तळ लागला त्या दुपारी
झिंगुबाई उईकेनं टोपली खाली ठेवली.
"बाई, हे लढाईसाठी नोहे जी.
नाल्याचं पानी चढत असन.
पाहा ना, बुडाशी रेती लागली."
साहेब हसले.
साहेबांच्या अहवालात आहे आक्रमण, बुरूज, संरक्षणसिद्धता.
झिंगुबाईच्या वस्तीतली सतरा घरं
मागच्या ऑगस्टात गेली.
मी थर सहा रेतीच्या ठिपक्यांनी भरला.
एकेक ठिपका टोचायला दोन दिवस लागले.

तिकडच्या एका ठाण्यात, ओल्या मातीत,
लाकडाच्या पातळ पट्ट्या निघाल्या, शाईनं लिहिलेल्या.
एकीवर एवढंच वाचता येतं:
मोजे पाठवलेत, चपलांचे दोन जोड, आतल्या चड्ड्या दोन.
कुणी पाठवले, ते नाही.
नावाचा तुकडा तुटलाय.
पलीकडून कोण येणार होतं, किती, कधी,
याबद्दल त्या पट्टीवर अक्षर नाही.

काल रात्री प्रज्वलचा फोन आला.
कामठीहून गेला त्याला आठ महिने झाले.
कुठे आहे विचारायचं नसतं, मी थंडीचं विचारते.
"मावशी, लोकरीचे नको, खाजवतात.
ते बर्डीवर मिळतात ना, जाडे,
तसले पाठव. चार जोड. नाही, सहा."
मग बराच वेळ नुसता वारा ऐकू आला.

चव्वेचाळीस अंशात मी बर्डीवर मोजे शोधत फिरले.
"उन्हाळ्यात मोजे? काहून बा?" दुकानदार म्हणाला
आणि माळ्यावर चढला.
वर टेकडीवर किल्ला तापत होता,
वर्षातल्या मोजक्याच दिवशी उघडतो तो.
खाली उसाच्या रसाचं गुऱ्हाळ, हॉर्न,
एक पोट्टा भिंतीला टेकून गाढ झोपलेला.

आता थर एक राहिलाय.
थर एक म्हणजे आजची माती:
बकरीच्या लेंड्या, गुटख्याची पुडी, हिरवी फुटकी बांगडी.
अहवालात त्याला एक ओळ मिळते.
छेदाशेजारी प्रमाणासाठी
माणूस उभा करायची पद्धत आहे.
मी झिंगुबाईला काढलं, टोपलीसकट,
पदर खोचलेला, तोंड नाल्याकडे.
साहेब खोडायला सांगतील बहुधा.

शाई वाळेपर्यंत पार्सल शिवून घेतलं.
वर लिहिलं नाव, नंबर, युनिट,
मार्फत ५६ एपीओ.
गावाची जागा कोरीच असते.
पोस्ट पाचला बंद होतं.