चारशे बारा उंडे

पुलाचा मधला गाळा रात्रीच खाडीत बसला होता.
उजाडताना बाणस्तारीच्या पाण्यात माणसं दिसली,
बंदुका डोक्यावर, पाणी गळ्याशी,
कुणी पोहत, कुणी केळीच्या खुंटाला धरून.
ओहोटीची वाट बघा, असं त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं.

माझे वडील कायतू पोदेराच्या भट्टीचा हिशेब मोडीत लिहीत.
त्या पानावर पहिली ओळ:
मंगळवार. गिऱ्हाईक नवे. मोजता आले नाही.
खाली: पीठ, दीड गोण.

रसदीचा हवालदार तुळाजी खरमाटे
भट्टीच्या दारात उभा राहिला, ओला, बूट हातात.
एका बुटाचा तळ सुटून मासळीच्या तोंडासारखा वासलेला.
म्हणाला, "आठ दिवसांचा बेत होता.
ही पोरं दोन दिवसांत इथं आली.
माझ्या गाड्या कुठं आहेत, मलाच ठाऊक नाही."
बोलण्यात राग होता,
आणि तो शत्रूवर नव्हता.

गाड्या उसगावच्या अलीकडे, फुटक्या मोरीपाशी,
एकीच्या शेपटाला दुसरीचं नाक.
पुढच्या गाडीची टाकी कोरडी,
पेट्रोलची पिंपं सगळ्यांत मागे,
मध्ये तांदूळ, दारूगोळा, टपाल,
आणि मागच्याला पुढं काढावं
एवढा रुंद रस्ता इथं कधी कुणी बांधला नव्हता.
काजूतून बैलगाडी जाईल, तेवढाच.

दुपारी एक जीप पोचली,
दोन होड्या जोडून केलेल्या तराफ्यावर, ट्रेलरसकट.
सगळे धावले. ताडपत्री सोडली.
आत तंबूचे खुंटे.
नुसते खुंटे, नऊशे, तेल लावलेले, गठ्ठ्यांत बांधलेले.
तंबू तिसऱ्या गाडीत.
खरमाटे हसला नाही.
गठ्ठे मोजले, सही केली.

पिठात सूर घातला की फुगायला रात्र लागते, कायतू म्हणाला.
रात्र नाही, हवालदार म्हणाला.
"पीठ तुमच्या कर्नलाचें आयकना," कायतू म्हणाला,
आणि तरी हात परातीत घातले.

अर्धवट फुगलेले भाजले, दगडासारखे.
करवंट्या संपल्या, झावळ्या संपल्या,
शेवटी डुकरांच्या गोठ्याचं कवाड भट्टीत गेलं.
सेबाश्तियाना दारात बसून मोजत होती,
दर पन्नासाला काजूची एक बी सुपात.
आठ बिया, वर बारा.
दोन उंडे तिनं मागच्या दारानं
टोपी हरवलेल्या एका पाकल्याला दिले,
पोरगाच होता, ओठ पांढरे पडलेले.
ते हिशेबात नाहीत.

त्याच रात्री लढाई संपली.

सकाळी खरमाटेनं पावती दिली, सही, शिक्का:
पाव नग ४१२. रक्कम १०३.
एकशे तीन काय, ते लिहिलं नव्हतं.
रुपये की एस्कुद,
वडिलांनी विचारलं, तेव्हा तो पुलाकडं बघत राहिला,
म्हणाला, "ते अजून वरून आलेलं नाही."

मग रसद आली.
बुधवारी आली, गुरुवारच्या बाजारात घुसली,
नाताळात आली, तीन राजांच्या सणालाही आली.
न झालेल्या सहा दिवसांची डाळ,
न झालेल्या जखमांचा कापूस,
लोकरीचे हातमोजे, दोन पेट्या, गोव्यात.
वाटेत कुणी भेटलं नसावं सांगायला.
उतरवून घ्यायला खरमाटे एकटा,
तळ सुतळीनं बांधलेला बूट घालून
याद्यांवर खुणा करत बसलेला.

पावती वहीत आहे. कायतू गेला, सेबाश्तियाना गेली,
एस्कुदही गेले.
खुंटे मात्र गावभर झाले.
शेळ्या त्यांना, दुधीचा मांडव त्यांना,
माझ्या अंगणात तीन, गंजलेले, न हलणारे.

शाळेची मुलं येतात, लढाई कशी होती विचारतात.
मी खुंटा दाखवतो.
तंबू कुठंय, एखादं विचारतंच.

तिसऱ्या गाडीत, मी सांगतो.