दुसरं रूप

अकरा जुलैला, मकरपुऱ्याच्या प्रयोगशाळेत,
गोळी विरघळायची थांबली.
सदतीस अंशांच्या पाण्यात पंचेचाळीस मिनिटं राहून
होती तशीच बाहेर आली,
चहाही न घेता उठलेल्या पाहुणीसारखी.

परेशभाईंनी विचारलं, चिटणीसबेन, रेणू बदलला?
रेणू तोच, मी म्हटलं.
कार्बन तितकेच, नायट्रोजन जागच्या जागी,
एक बंध तुटलेला नाही, एक नवा नाही.
शेजार बदललाय.
आधी एकमेकांकडे पाठ करून झोपायचे,
आता हातात हात घालून बसलेत
आणि पाणी आलं तरी उठत नाहीत.

ते म्हणाले, साहेबांना हे असं नाही सांगता येणार.

आलेख टेबलावर पसरला.
नऊ पूर्णांक चारवरचं शिखर मी सोळा वर्षं बघत आले,
हवा स्वच्छ असली की गच्चीवरून पावागड दिसतो
तितकं ओळखीचं.
तिथे सपाट रेघ.
अकरा पूर्णांक दोनवर कुणी नवाच उभा.
सूक्ष्मदर्शकाखाली पूर्वी सुया असत,
आता नारळाच्या वड्या,
कुणीतरी फार मन लावून तिरक्या कापलेल्या.

मग आम्ही धुतलं.
ॲसिटोननं, आम्लानं, पुन्हा ॲसिटोननं.
धर्मिष्ठानं खोक्यातून कोरी काच काढली,
पादऱ्याला एक खोली भाड्यानं घेतली,
जिथे आमची बाटली कुणी कधी उघडली नव्हती.
द्रावण निवत ठेवलं,
सकाळी जाऊन पाहिलं:
वड्या.

त्याला एक कण पुरतो.
धुळीहून बारीक, बाहीवर, वेणीत,
स्कूटरच्या डिकीतल्या वहीच्या पानांत.
तो पडला की सगळं द्रावण
त्याच्याकडे बघून बसायला शिकतं.
पादऱ्याच्या खोलीत तो कण
बहुतेक मीच घेऊन गेले होते.

त्या आठवड्यात पुण्याहून नणंद आलेली.
दांडिया बाजारच्या स्वयंपाकघरात मी तिला म्हटलं,
बसा तुम्ही, मी भाजी सुधारून घेते.
का, बिघडली होती?
ती हसली. मीही हसले.
दुधी सुधारत राहिले.
आईही सुधारायची, तिची आईही,
चिरायचे ते फक्त लग्नाच्या आचाऱ्याकडचे लोक, पुण्याहून आलेले.
कुणाच्या बाहीवरून आला असेल हा शब्द?
रावपुऱ्यात? विहिरीवर?
शाळेत डबा उघडताना?

फणसे सर असले प्रश्न उडवून लावायचे.
आलेख काय आहे ते सांगतो, म्हणायचे,
केव्हापासून आहे ते त्याला विचारू नका.

शुक्रवारी जुन्या कपाटात, मागच्या फळीवर,
गंजलेल्या चिमट्यांच्या डब्याआड
एक कुपी मिळाली. तोंडाला मेण.
चिठ्ठीवर सरांचं उजवीकडे झुकलेलं अक्षर:
सुया. हलवू नये.

खिडकीशी धरली.
सुयाच होत्या,
लांब, एकमेकींवर कशाही पडलेल्या,
उजेड टोकांवर थांबत होता.
अख्ख्या बडोद्यात,
कोण जाणे, कदाचित अख्ख्या जगात
एवढ्याच.

खोलिये ने, बेन? धर्मिष्ठा म्हणाली,
तिच्या हातात चाकू तयार होता.

मी बाही पाहिली. केसांतून बोटं फिरवली
आणि बोटांकडे बघितलं.
काही दिसत नव्हतं. दिसणारही नव्हतं.

कुपी होती तिथे ठेवली.
सरांच्या अक्षराखाली तारीख घातली
आणि लिहिलं: साचवून ठेवा.

जिन्यात आल्यावर लक्षात आलं,
मराठीत म्हणतात जपून ठेवा.
दोन पायऱ्या वर गेले.
मग खाली उतरले, स्कूटर काढली,
राहू दिलं तसंच.