दुसरी खाट

पहिल्या आवृत्तीत पहारेकऱ्याला दोनच वाक्यं होती:
"मागे हो," आणि "अजून रात्र आहे."
तेवढ्यावर खेळ विकायला काढला मी,
दौगवपिल्समध्ये, चौथ्या मजल्यावर,
हीटरचं बिल थकलेल्या फेब्रुवारीत.

शाप मात्र नीट विणला होता.
कोठडीतल्या बाईचं नाव जो उच्चारेल
त्याच्या जिभेवर गंज चढेल,
आणि जो दार उघडेल
तो विसरेल, कुणासाठी उघडलं.

१.१ मध्ये जिने दुरुस्त केले, लोक पायरीतून आरपार पडत होते.
१.२ मध्ये कंदिलांना सावल्या.
१.४ मध्ये पहारेकऱ्याला खुर्ची दिली
आणि खोकला.
खोकला बाबांचा आहे,
स्वयंपाकघरात साखरेच्या डब्यामागे फोन ठेवून
चोरून रेकॉर्ड केलेला.
इल्ग्वार्स, सव्वीस वर्षं तुरुंगाच्या पहाऱ्यावर.
निवृत्त होऊन सहा झाली,
तरी रात्री नऊला उठून घरातली माणसं मोजतात.
दोन.
दार ओढून बघतात.
पुन्हा दोन.

मग रेझेक्नेहून स्काइद्रितेचा निरोप आला,
बेकरीत रात्रपाळी करते म्हणे, पाव फुगेपर्यंत खेळते:
"मी तिला सोडवते. गंज सोसते, किल्ली आणते.
नदीपर्यंत ती येते माझ्याबरोबर, छान चालते.
आणि अंधार पडला की एकटीच वळते,
डोंगर चढते, कोठडीत जाते,
दार आतून लावून घेते.
नऊदा सोडवली. ही चूक आहे ना?"

तीन रात्री शोधलं.
शापात नव्हतं. किल्लीत नव्हतं.
होतं एका जुन्या ओळीत,
शाप सुचायच्याही आधी मीच लिहिलेल्या:
अंधार पडला की जवळच्या खाटेकडे जा.
आणि अख्ख्या खेळात खाट एकच.

तीनशे झाडं केली होती मी,
चार तऱ्हांचं शेवाळ,
बुडालेलं गाव, पाण्याखाली वाजणारी त्याची घंटा.
कुणाला तिथे झोप येईल
हे डोक्यातच आलं नव्हतं.

ओळ खोडता आली असती, बोट कळीवर होतंच.
पण मग रात्रभर ती उभी राहिली असती
नदीकाठी, मोकळी,
पापणी न लवता.

१.७. नावाड्याच्या झोपडीत एक खाट.
पेंढ्याची गादी, लोकरी घोंगडी
पायथ्याशी जराशी फाटलेली.
बदलांच्या यादीत लिहिलं: किरकोळ दुरुस्ती.

"झोपली," स्काइद्रितेनं कळवलं.
आणि तासाभरानं:
"पण आता पहारेकरी खाली उतरून
झोपडीबाहेर उभा राहतो. खोकतो.
आत येत नाही. हे मुद्दाम केलंय?"

नव्हतं केलं.
त्याचीही एक ओळ होती, मी विसरलेली:
कैदी जिथे, तिथे.

नऊ वाजले. पॅसेजमधला दिवा लागला.
बाबा मोजतायत.
"झोपा आता," मी म्हणते.
"अजून रात्र आहे," ते म्हणतात
आणि दार ओढून बघतात.

१.८ साठी नोंद:
झोपडीबाहेर बाक.
वर छप्पर हवं,
तिथे बर्फ पडतं.