पाणी फिरत नाही

पुस्तक जुनंच घेतलं,
बिंदू चौकामागच्या रद्दीवाल्याकडून.
पानं फुगलेली, कडेनं तपकिरी रेघ,
पुराची. एकोणीसच्या की एकवीसच्या,
त्यालाही ठाऊक नव्हतं.
"पाणी फिरलंय, पर अक्षर शाबूत हाय," म्हणाला
आणि वरचे दहा रुपये सोडले.

पहिल्या पानावर निळी शाई:
स्वरूपा इंगवले, राजारामपुरी, आठवी गल्ली.
खाली बारीक अक्षरात, सगळी गणितं दोनदा.

आंबेवाडीत साडेदहाला गाव निजतं.
पप्पा चारला धारांना उठतात,
म्हणून मी बल्बला वर्तमानपत्राची टोपी घालतो
आणि रोटेशन उघडतो.
भिंतीपलीकडे म्हशी रवंथ करतात,
एका लयीत, न चुकता.
माझं प्रत्येक तिसऱ्या ओळीत चिन्ह चुकतं.
समासात ती भेटते:
'इथे फसशील.'
'घर्षण वरच्या दिशेला, गाढवे!'
ती स्वतःलाच ओरडत होती,
तरी मी बाण खोडून वर काढतो.

पान दोनशे बारा, गणित त्रेसष्ट.
पातळ कवचाचा पोकळ गोळा, आत काठोकाठ पाणी,
कवचाचं वस्तुमान तेवढंच पाण्याचं,
चिकटपणा शून्य.
उतारावरून न घसरता गडगडत येतो.
त्वरण काढा.

मला येत होतं, जी साइन थीटाच्या पाऊणपट.
मागे उत्तरसूचीत पंधरा छेद तेवीस.
चार रात्री. रफ वहीची अकरा पानं.
क्लासमध्ये विचारलं,
तर एकशेचाळीस पोरांसमोर सर म्हणाले,
सूची चुकत नसते, पुढचं घ्या.

समासात तिनं लिहिलं होतं:
'पुस्तक चुकलंय. तीनदा केलं. कारण'
आणि तिथून पुढं पंचगंगा.
नुसता निळा डाग,
मधे एक वेलांटी तरंगत राहिलेली.

गंगावेशीत पप्पांच्या किटल्या उतरवल्या
आणि दस्तगीरमामाच्या सोडागाडीवर गेलो.
रात्री त्याच्या फ्रीजरात ठेवलेली एक बाटली, टणक.
दुसरी तेवढ्याच पाण्याची, साधी.
टेम्पोची फळी तिरकी लावली.
बघता बघता कट्ट्यावरची माणसं गोळा,
धारोष्ण दुधाच्या मिशा तशाच ओठांवर.
"बर्फ! बर्फावर एक गिलास!"
"माझं बी बर्फावर!"
पाण्यावर मी एकटाच. आणि ती.

सोडल्या.

पाणी हातभर आधी पोचलं.
पुन्हा सोडल्या. पुन्हा पाणी.
"तिसऱ्यांदा सोड की भावा," कुणीतरी हट्टानं,
आणि तिसऱ्यांदाही पाणीच.

पप्पा किती वेळ फळीकडे बघत होते.
"आतलं पाणी फिरत न्हाई व्हय?"
"नाही. बाटली फिरते. पाणी नुसतं खाली येतं."
"आन् किटलीतलं दूध?"
"तेही. जवळजवळ."
"जवळजवळ," म्हणाले,
बर्फाची बाटली उचलून मानेला लावली
आणि गिऱ्हाईकाकडे वळले.

त्या रात्री डागाच्या कडेला मी लिहिलं,
'कारण पाणी फिरत नाही. पुस्तकानं ते गोठवलं.'
माझं अक्षर तिच्यापेक्षा वाईट आहे.

एकदा आठव्या गल्लीत जाऊन आलो.
इंगवले? खालच्या दातांच्या दवाखान्यात
कुणालाच आठवत नव्हतं.
तिला सीट मिळाली का,
की रँक कळल्यावर तिनंच पुस्तक रद्दीत दिलं,
की पुरात घरातलं सगळं काढताना
तेही गेलं ओल्या गाद्यांसोबत?
डाग काही सांगत नाही.

परीक्षेला एकोणचाळीस दिवस.
गणित चौसष्ट.
समास कोरडा, शाई शाबूत,
दोनच शब्द:
'सोपं आहे.'

आज तिसरी रात्र.