वादी गैरहजर

होमा बे. सकाळचे नऊ. सरोवरावरचा वारा
कोर्टाच्या व्हरांड्यात वाळत्या ओमेनाचा वास आणून टाकतो.
बोटभर चांदीची मासळी ती; फायलींनाही तिचाच वास.
मी इथला पुकारेवाला. बावीस वर्षं.
नाव तीनदा घ्यायचं:
एकदा दाराशी, एकदा पायऱ्यांवरून,
एकदा फाटकाबाहेर, जिथे मोटरसायकलवाले
गिऱ्हाईक हेरत उभे असतात.

झिल्पा अबोंगो विरुद्ध हेझ्रॉन ओयिएके.

झिल्पा अबोंगो!
एका कोंबडीने मान वळवली.
झिल्पा अबोंगो!
शेंगदाणेवाल्या बाईने माझ्याकडे पाहिलं, मग आपल्या टोपलीकडे.
तिसऱ्या वेळी आवाज जरा घोगरा निघतो,
नेहमीच निघतो,
जणू समोरचा आता येऊच नये असं वाटत असावं.

दावा काही फार मोठा नव्हता.
अमावास्येची रात्र, पाण्यावर कंदील,
आणि याच्या इंजिनाच्या होडीने
हिच्या मालकीची तीन जाळी फाडली.
नऊ वर्षं झाली.
पहिली पाच ती आली. पहाटेची बोट पकडून,
चपला हातात घेऊन, दर तारखेला.
साहेब रजेवर. साक्षीदार आजारी. फाईल सापडेना.
पुढली तारीख घे, बाई.
मग एकदा आली नाही.

तिचे वकील ओगुटू वारले. त्यांच्या ऑफिसात आता
वीस शिलिंगला एक मोबाईल चार्ज होतो.
तिच्या दाव्याचे कागद कुठे गेले
ते त्या चार्जरवाल्या पोराला विचारून उपयोग नाही.

‘वर्षभर काही हालचाल नाही,
दावा का फेटाळू नये याचं कारण दाखवा’
ही नोटीस मीच टपालात टाकली.
पोस्ट बॉक्स एकसष्ट.
तो बॉक्स बंद पडलेल्या शाळेचा, कुलूप गंजलेलं,
हे मला ठाऊक होतं.
पण नियम म्हणतो ‘पाठवावी’.
‘पोचावी’ असं नियमात नाही.

मॅजिस्ट्रेट बाई नव्या. टेबलावर एकशे चाळीस जुन्या फायली.
त्यांना तरी काय बोल लावू?
ज्याच्या मानेवर नऊ वर्षं खटला बसलाय
त्यालाही कधी पाठ टेकू द्यावी की नाही?
त्यांनी घड्याळ पाहिलं. मला विचारलं, पुकारलंत?
तीनदा, म्हणालो.
प्रतिवादी?
हजर, तो म्हणाला.
पाठपुराव्याअभावी दावा फेटाळला.
शिक्का एकदा उमटला नाही, दुसऱ्यांदा उमटला.

दुपारी पाहतो तर ओयिएके अजून बाकावर.
अरे, सुटलास. जा की घरी.
तो म्हणाला, ती म्फांगानोवर असते, बेटावर. लेकीकडे.
कंबर मोडलीय. बोटीत चढवत नाही तिला.
मला माहीत होतं.
मग सांगितलं का नाहीस?
हजर आहेस का, एवढंच विचारलं त्यांनी.

मी काही बोललो नाही.
त्या बॉक्सबद्दलही नाही.
तिचं गप्प राहणं निकालात नोंदलं गेलं,
आमच्या दोघांच्या गप्प राहण्याला
रजिस्टरात रकानाच नाही.

मुद्देमालाच्या खोलीतून मी जाळं काढलं.
पुरावा क्रमांक एक, गोणपाटात.
नियमाने वादीने न्यावं, नाहीतर जाळून टाकावं.
ओयिएकेने ते गुडघ्यांवर पसरलं,
एका भोकात हात घातला, मनगट गेलं, कोपर गेलं,
तेव्हा थांबला.
इतकं मोठं होतं? म्हणाला. मला छोटं आठवतं.

मग त्याने गाठी चाचपल्या, कुठून सुरुवात करायची ते पाहत,
आणि विचारलं, मंगळवारची बोट किती वाजता सुटते.

मी रजिस्टर पुढे केलं.
‘मुद्देमाल नेणाऱ्याची सही’ या रकान्यात
त्याने जीभ दातांत धरून,
हळूहळू लिहिलं: झिल्पा अबोंगो.
एक अक्षर चुकलं.
मी शिक्का मारला. पहिल्याच फटक्यात उमटला.