नंतर नीट करणे

विमा कंपनीचं पत्र तिनं साखरेच्या डब्याखाली दाबून ठेवलं होतं.
महिनाअखेरपर्यंत लायसन्सवाल्या इलेक्ट्रिशियनची सही हवी,
नाहीतर हे घर त्यांच्या लेखी घर नाही,
चढावर रचून ठेवलेलं सरपण.

फिलोमिना टोबिन, वय एक्क्याऐंशी.
दार उघडून आधी माझे बूट पाहिले, मग मला.
'बाई पाठवली?'
'बाईच आलीय. कार्ड बघता?'
बघितलं. चष्मा लावून, खिडकीशी नेऊन.
काचेला बंदरावरचं धुकं टेकलेलं,
त्या उजेडात तिनं माझा नंबर
एकेक आकडा मोठ्यानं वाचला,
बर्नडेट नोझवर्दी हे नावही, वडिलांचं गाव विचारत.
'ॲम्ब्रोजकडे असलं काही नव्हतं,' कार्ड परत देताना म्हणाली,
'तरी बेचाळीस वर्षं दिवे लागले या घरात.'

असं कुणी ना कुणी म्हणतंच.
माझं उत्तरही तयार असतं:
दिवा लागणं सोपं, बाई.
काही बिनसलं की वीज आपणहून तुटायला हवी,
तेवढं एक शिकायला माझी पाच वर्षं गेली,
त्यातली दोन दुसऱ्यांच्या पोटमाळ्यांवर, पालथी पडून.
पण तिच्या हातात किटली होती.
मी नुसता टेस्टर काढला.

पंधराच्या जागी तीसचा फ्यूज.
जोडांवर हॉकीच्या काठीला गुंडाळतात ती पट्टी.
एक तार सरळ मासेमारीच्या बोटीवरून आलेली,
मिठानं हिरवी पडलेली.
आणि स्वयंपाकघराच्या भिंतीत, फळी काढल्यावर,
मार्गारीनचा रिकामा डबा,
त्यात तीन तारा एकमेकींना पीळ घालून बसलेल्या
आणि मागच्या लाकडावर
जिभेएवढा काळा डाग.

कधीतरी एक रात्र इथे पेटता पेटता राहिली होती.
वर ही दोघं झोपलेली.

डागाच्या बाजूला, सुतारी पेन्सिलीनं, ठसठशीत अक्षरांत:
नंतर नीट करणे. ॲ. १९८१.

मी तिला बोलावलं. बोलवायला नको होतं बहुतेक.
तिनं ओळ वाचली, बोटानं पुन्हा वाचली,
डागाला मात्र हात लावला नाही.
'छपराचं हेच म्हणायचा,' ती म्हणाली.
'दाढेचं हेच.
मग छातीतल्या कळेचंही.'
किटली कधीची शिट्टी घालत होती,
आम्ही दोघी तशाच उभ्या.

चार दिवस लागले.
जुनी तार उपसून काढली, वेटोळी अंगणात,
नवं पॅनेल, प्रत्येक ब्रेकरखाली तिच्याच अक्षरात चिठ्ठी:
फ्रीज. न्हाणी. त्याची खोली.
तपासनीस आला, मान हलवून गेला.

राहिला ओसरीचा दिवा.
आमच्याकडे बटण वर केलं की दिवा लागतो,
ॲम्ब्रोजनं उलटं बसवलेलं, खाली केलं की लागे.
मी स्क्रू फिरवायला घेतला तर म्हणाली,
'हा राहू दे, पोरी.
अंधारात माझा हात खालीच जातो.'

नियमपुस्तक आठवून पाहिलं, कलमामागून कलम.
उलट्या बटणाला मनाई मला तरी सापडली नाही.
आतली तार बदलली, बटण नवं घातलं,
डोकं खाली, पाय वर.

सही केली. तिनं पत्र आणि दाखला
एकत्र त्याच डब्याखाली सरकवले.

गाडीत बसून बिल लिहीत होते.
धुक्यातून तिची ओसरी उजळली.
मालवली. पुन्हा उजळली.
आणखी एकदा.

तपासत असावी.
मला की त्याला, कळलं नाही.